ठाण्याचं स्थानिक दैनिक आणि रात्री साडेअकराचं पान

प्रश्न असा आहे: मुंबईची मोठी मराठी दैनिकं पहाटे ठाण्यात पोहोचतात, त्यांच्यासोबत ठाणे-नवी मुंबईची खास पानंही येतात. मग इथलं आठ पानी स्थानिक दैनिक रुजलं कसं, ते रोज रात्री निघतं कसं, आणि आज कुणी नवं काढायचं म्हटलं तर पैसा नेमका कुठे मुरतो? गाभ्याची गोष्ट आधी सांगतो. स्थानिक दैनिक म्हणजे बातम्यांचा धंदा असं बाहेरून दिसतं. आतून तो वेळापत्रकाचा आणि जाहीर सूचनांचा धंदा आहे, आणि बातमीला या दोन्हींच्या मधे जागा काढावी लागते. हे ज्यांना कळलं त्यांची दैनिकं टिकली. चांगली बातमी दिली की अंक आपोआप खपेल असं ज्यांनी मानलं, त्यांचे गठ्ठे थेट रद्दीत गेले.

ठाण्याला छापील पत्राची सवय जुनी आहे. ‘अरुणोदय’ हे साप्ताहिक इथून १८६६ साली निघालं. ‘सूर्योदय’ आणि ‘हिंदुपंच’ ही साप्ताहिकंही ठाण्याचीच. दैनिक मात्र इथे फार उशिरा रुजलं, आणि त्याचं मोठं कारण रेल्वे. १६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदरहून सुटलेली पहिली गाडी ठाण्यालाच आली होती. कोल्हापूर, सोलापूर, नाशिकच्या दैनिकांना मुंबईपासूनच्या अंतराने जपलं. मुंबईचा अंक तिथे शिळा होऊन पोहोचायचा, त्यामुळे स्थानिक अंकाला सकाळ मोकळी मिळायची. ठाण्याला हे संरक्षण कधीच मिळालं नाही. मुंबईचा ताजा अंक सकाळच्या गाडीने इथे हजर असायचा, त्यामुळे आठवड्याचं पत्र चालायचं आणि रोजच्या पत्राला गिऱ्हाईक नसायचं.

चित्र पालटलं ते वस्ती आणि नागरी कारभार वाढल्यावर. १९६२ साली एमआयडीसी, म्हणजे राज्याचं औद्योगिक विकास महामंडळ, आली आणि वागळे इस्टेट उभी राहिली. १९७० साली नवी मुंबई वसवणारी सिडको स्थापन झाली. १ ऑक्टोबर १९८२ ला ठाणे महापालिका झाली, १ जानेवारी १९९२ पासून नवी मुंबई महापालिकेचा कारभार सुरू झाला आणि त्याच वर्षी मे महिन्यात लोकल वाशीपर्यंत पोहोचली. पाणी कुठल्या दिवशी बंद, कुठला भूखंड कुणाला, कुठल्या इमारतीला नोटीस, सर्वसाधारण सभेत कुठला प्रस्ताव तहकूब, या गोष्टींना मुंबईच्या अंकात दोन ओळीही मिळत नसत. त्या पोकळीत ‘सन्मित्र’सारखी पत्रं वाढली, आणि १९७५ साली नरेंद्र बल्लाळांनी ‘ठाणे वैभव’ सुरू केलं. नवी मुंबईत हीच गरज वेगळ्या रूपात होती. प्रकल्पग्रस्तांची संपादित जमीन, त्या जमिनीच्या बदल्यात मिळणारे साडेबारा टक्के योजनेतले भूखंड, गावठाणातली घरं हे तिथले रोजचे विषय. या विषयांतून बातम्या जशा आल्या तशाच जाहीर सूचनाही आल्या. नवी मुंबईतलं स्थानिक दैनिक जमिनीच्या कागदपत्रांवर उभं राहिलं असं म्हटलं तरी फारसं चुकणार नाही.

छपाईच्या बाजूने बघितलं तर लहान दैनिकाला खरी मोकळीक संगणकाने दिली. खिळ्यांच्या, म्हणजे शिशाच्या सुट्या अक्षरांच्या, जमान्यात देवनागरीची केस म्हणजे चारशेहून अधिक वेगवेगळे खिळे: अक्षरं, अर्धी अक्षरं, जोडाक्षरं, काना, मात्रा, रफार. जुळाऱ्याने मजकूर जुळवायचा, गॅली प्रूफ, म्हणजे तपासायची कच्ची छाप, काढायचं, मुद्रितशोधकाने तपासायचं, दुरुस्ती परत खिळ्यांत करायची, मग जुळवलेल्या पानांचा फर्मा आवळून यंत्रावर चढवायचा. एका खिळ्याचा साठा संपला तर दुसऱ्या पानातला मजकूर मोडून तो मोकळा करावा लागे. छायाचित्रासाठी जस्ताचा ब्लॉक लागे, म्हणून फोटो आदल्या दिवशीचाच असे. ऑफसेट छपाई आणि डीटीपी, म्हणजे संगणकावरची अक्षरजुळणी, आल्यावर हे सगळं एका खोलीत आणि चार-पाच माणसांत बसलं. शिवाय स्वतःचं यंत्र घेण्याची सक्तीच उरली नाही. ठाणे-बेलापूर पट्ट्यातल्या टीटीसी औद्योगिक वसाहतीत, म्हणजे महापे, रबाळे, ऐरोलीकडे, मोठे वेब ऑफसेट, म्हणजे रिळाच्या सलग कागदावर छापणारे, छापखाने आले. त्यांची यंत्रं रात्रीच्या काही तासांत मोकळी असतात, आणि तिथे बाहेरचं काम छापून मिळतं. आज लहान दैनिकांसाठी हाच शहाणपणाचा रस्ता आहे. आठ पानी दैनिकासाठी स्वतःचं यंत्र घेणं म्हणजे रोज अर्धा तास चालवण्यासाठी बस विकत घेणं.

नोंदणीचं थोडक्यात सांगतो, कारण याबद्दलची जुनी माहिती अजून फिरते. १८६७ चा पीआरबी, म्हणजे प्रेस आणि पुस्तक नोंदणीचा, कायदा आता नाही. त्याच्या जागी २०२३ चा प्रेस आणि नियतकालिक नोंदणी कायदा १ मार्च २०२४ पासून लागू झाला. जिल्हाधिकाऱ्यांसमोर करायचं डिक्लेरेशन गेलं. प्रकाशक शीर्षक आणि नोंदणी या दोन्हींचा अर्ज प्रेस सेवा पोर्टलवर एकत्र करतो, त्याची प्रत जिल्हा पातळीवरच्या प्राधिकाऱ्याकडे जाते आणि त्यांना अभिप्रायासाठी ६० दिवस असतात. छापखान्याने आपली माहिती वेगळी ऑनलाइन द्यायची असते. जॉबवर, म्हणजे दुसऱ्याच्या छापखान्यात पैसे देऊन, छापणार असाल तर छापखान्याने ती दिली आहे का, हे करार करण्याआधी विचारा. शीर्षकासाठी एकच नाव धरून बसू नका. ‘ठाणे’, ‘नवी मुंबई’, ‘वार्ता’, ‘समाचार’ यांच्या बहुतेक जोड्या कुणी ना कुणी आधीच घेतलेल्या असतात. शेवटच्या पानाच्या तळाची छापओळ, म्हणजे मालक, मुद्रक, प्रकाशक, संपादक, कुठे छापलं आणि कुठून प्रसिद्ध केलं, ही शोभेची ओळ नव्हे. छापखाना बदलला की त्याच रात्री ती बदलली पाहिजे, आणि जुन्या साच्यात पीआरबी कायद्याचा उल्लेख राहिला असेल तर तोही काढला पाहिजे.

आता कागदाकडे वळू, कारण पुढची सगळी शिस्त कागदातून येते. साध्या सिंगल-विड्थ वेब यंत्रावर कागदाच्या रुंदीत ब्रॉडशीटची, म्हणजे पूर्ण आकाराच्या वृत्तपत्राची, दोन पानं शेजारी-शेजारी बसतात आणि दोन्ही बाजू छापल्या की एका वेबवर, म्हणजे यंत्रातून पळणाऱ्या कागदाच्या एका पट्ट्यावर, चार पानं होतात. म्हणून पानांची संख्या चारच्या पटीत: आठ पानांना दोन वेब, बारा पानांना तीन. ऐन वेळी दोन पानं वाढवायची असतील तर अर्ध्या रुंदीचं रीळ लावावं लागतं, आणि ते छापखान्यात शिल्लक आहे का हे दुपारीच विचारायला हवं. आठ पानी अंकात बाहेरच्या वेबवर पान १, ८, २, ७ येतात आणि आतल्या वेबवर ३, ६, ४, ५. चार रंग छापणारा यंत्राचा भाग, म्हणजे टॉवर, एकच असेल तर रंग फक्त १, २, ७, ८ या पानांवर मिळेल. जाहिरात विभागाने पान ३ वर रंगीत जाहिरात विकून ठेवली आणि छापखान्यात गेल्यावर कळलं की ते पान काळं-पांढरं आहे, हा घोटाळा नव्या दैनिकात पहिल्या महिन्यातच होतो. उपाय सोपा आहे. रंगीत पानांचा नकाशा जाहिरात घेणाऱ्याच्या टेबलावर चिकटवायचा.

आकडे मांडतो. चौरस मीटरला ४५ ग्रॅमचा न्यूजप्रिंट, रीळ ६८.६ सेंटिमीटर रुंद, कट-ऑफ, म्हणजे कापलेल्या तुकड्याची लांबी, ५४.६ सेंटिमीटर. एका वेबचा एक तुकडा साधारण १७ ग्रॅम भरतो, म्हणून आठ पानी अंक सुमारे ३४ ग्रॅमचा. दहा हजार अंकांना ३३७ किलो कागद, त्यावर नासाडी धरली तर ३५५ किलोच्या आसपास. प्रत्येक वेबमधून पावणेसहा किलोमीटर कागद पळतो. कागद किलोला ५० रुपये धरला तर एका अंकात पावणेदोन रुपयांचा फक्त कागद आहे. यात शाई, प्लेट, छपाई, गाडी, पगार काहीच नाही. अंकाची छापील किंमत चार रुपये आणि त्यातला तिसरा हिस्सा किंवा त्याहून जास्त विक्रेत्याचा असेल, तर विक्रीतून अंक पोसला जाणार नाही हे सांगायला हिशेबनीस लागत नाही.

कमी खपाच्या दैनिकाला प्लेटा, म्हणजे पान छापायचे पत्रे, कशा खातात हेही बघा. प्रत्येक रंगाला एक प्लेट, म्हणून चार रंगीत पानांना प्रत्येकी चार म्हणजे १६, चार काळ्या पानांना चार, एकूण २० प्लेटा. प्रक्रियेसकट प्लेटमागे २५० रुपये धरले तर रात्रीचे ५,००० रुपये झाले. दहा हजार अंकांवर हा बोजा अंकामागे ५० पैसे पडतो, दोन हजार अंकांवर अडीच रुपये. नासाडीचंही तसंच. शाई-पाणी जुळून रंग एकमेकांवर नीट बसेपर्यंत सुमारे चारशे अंक वाया जातातच. दहा हजारांत ते चार टक्के, दोन हजारांत वीस. म्हणून दोन-तीन हजार छापणाऱ्याने पहिली दोन वर्षं रंगाचा हट्ट सोडावा असं माझं स्पष्ट मत आहे. आठही पानं काळी-पांढरी ठेवली तर प्लेटा आठच लागतात. नीट छापलेलं काळं पान हललेल्या रंगीत पानापेक्षा केव्हाही देखणं दिसतं.

रोजचं चक्र साधारण असं फिरतं. सकाळी अकराला बातमीदार आपापल्या ठिकाणी: ठाण्यात पाचपाखाडीचं महापालिका मुख्यालय, कोर्टनाक्याजवळची जिल्हाधिकारी कचेरी आणि न्यायालय, पोलीस आयुक्तालय; नवी मुंबईत बेलापूरला महापालिका, सिडको भवन आणि कोकण भवन जवळजवळ असल्याने एक माणूस तिन्ही ठिकाणं पाहू शकतो. दुपारी चारला जाहिरात विभागाकडून पानांच्या डमी, म्हणजे आराखडे, येतात, त्यावर जाहिराती आधीच बसवलेल्या असतात. जाहिरात आधी बसते आणि बातमी उरलेल्या जागेत, हे नव्या उपसंपादकाला जितक्या लवकर पचेल तितकं बरं. साडेपाचच्या बैठकीत पहिल्या पानाची मुख्य बातमी, दुय्यम बातमी आणि तळाची मोठी बातमी, म्हणजे अँकर, ठरतो. आतली पानं साडेसात ते साडेआठच्या दरम्यान सुटतात, म्हणजे तयार होऊन छापखान्याकडे जातात, शेवटचं पान दहाला, पान एक साडेअकराला. साडेबाराला यंत्र सुरू, एकला छपाई संपते, दीडपर्यंत गठ्ठे बांधून गाड्या बाहेर.

पान एक साडेअकराऐवजी बाराला सुटलं तर काय बिघडतं? अर्ध्या तासाचाच उशीर असता तर काही बिघडलं नसतं. पण जॉबच्या छापखान्यात उशीर मिनिटांत मोजत नाहीत, पाळीत मोजतात. साडेबाराची तुमची पाळी चुकली की एकला ठरलेलं दुसऱ्याचं काम यंत्रावर चढतं. त्याच्या प्लेटा लागतात, त्याचं रीळ लागतं, आणि तुमची पाळी येते अडीचला. अर्ध्या तासाचे दोन तास झाले. गंमत अशी की वाचकाच्या सर्वांत जवळ असलेलं दैनिक सर्वांत आधी बंद होतं. मोठ्या दैनिकांचे छापखाने स्वतःचे असल्याने ती रात्री उशिरापर्यंत पहिलं पान उघडं ठेवू शकतात. त्यामुळे रात्री साडेअकरानंतरच्या घटनेत त्यांच्याशी शर्यत लावण्यात अर्थ नाही. स्थानिक दैनिकाने ती जागा दुसऱ्या दिवसाच्या तपशिलाने भरावी: गुन्हा कुठल्या पोलीस ठाण्यात नोंदला, रस्ता कुठपर्यंत बंद आहे, पर्यायी बस कुठली.

बातमीच्या पातळीवर वाचक कशासाठी भांडतो? पाण्यासाठी. ठाण्याला पाणी स्टेम ही पाणीपुरवठा कंपनी, एमआयडीसी, महापालिकेची स्वतःची योजना आणि मुंबई महापालिका अशा वेगवेगळ्या ठिकाणांहून येतं. नवी मुंबईचा मुख्य आधार मोरबे धरण. त्यामुळे ‘ठाण्यात पाणी बंद’ या मथळ्याला काहीच अर्थ नाही. स्टेमचं शटडाऊन असेल तर कुठले भाग, एमआयडीसीचं असेल तर कळवा, मुंब्रा, दिव्यातले कुठले, हे बातमीतच हवं. आणखी एक खड्डा म्हणजे ‘आज’ आणि ‘उद्या’. गुरुवारी संध्याकाळी लिहिलेली बातमी शुक्रवारी वाचली जाते, आणि बातमीदाराने लिहिलेलं ‘उद्या’ तसंच छापलं गेलं तर वाचक शनिवारसाठी पिंप भरतो. नियम एकच: वार आणि तारीख दोन्ही लिहायचे, ‘शुक्रवारी, दि. १२ रोजी सकाळी ९ ते शनिवारी सकाळी ९’. मुद्रितशोधकाने ‘उद्या’ दिसला की थांबायचं.

गुन्ह्याच्या बातमीत स्थानिक दैनिकाची जबाबदारी मोठ्यांपेक्षा जास्त असते. लैंगिक अत्याचाराच्या पीडितेची ओळख उघड करायला भारतीय न्याय संहितेच्या कलम ७२ ची बंदी आहे, बालकांच्या बाबतीत पॉक्सो आणि बाल न्याय कायद्याची. मुंबईच्या अंकात ‘घोडबंदर परिसरातील एका सोसायटीत’ छापलं तर ओळख लपते. स्थानिक अंकात सोसायटीचं नाव, शाळेचं नाव, वडिलांचा व्यवसाय यांतली एक गोष्ट जरी छापली तरी गल्लीला मुलगी कळते. नाव टाळलं म्हणजे कायदा पाळला असं होत नाही. निवडणुकीत मतदानाच्या दिवशी आणि आदल्या दिवशी छापायच्या राजकीय जाहिरातीला माध्यम प्रमाणन समितीचं पूर्वप्रमाणपत्र लागतं. उमेदवाराचा माणूस रात्री नऊला मजकूर घेऊन येतो तेव्हा आधी प्रमाणपत्र मागायचं आणि मग दर सांगायचा.

पान लावताना सर्वांत जास्त वेळ फाँट खातो. बऱ्याच ठिकाणी अजून श्रीलिपीसारख्या जुन्या फाँटात पानं लागतात आणि मजकूर मात्र व्हॉट्सअॅपवरून युनिकोडमध्ये येतो. कन्व्हर्टरमधून जाताना ठरावीक ठिकाणी तो मोडतो: रफार एक अक्षर पुढे-मागे सरकतो, ‘दुसऱ्या’, ‘वाऱ्यावर’मधला अर्धा र उडतो, ‘ॲड.’चा चंद्र हरवतो, ‘द्ध’ आणि ‘द्व’ सुटे होतात. सगळा मजकूर वाचायला वेळ नसेल तर निदान ‘र्य’, ‘ऱ्य’, ‘ॲ’, ‘द्ध’, ‘ट्र’ शोधून बघायचे. शक्य असेल तर सरळ इनडिझाइन या पान लावायच्या सॉफ्टवेअरमध्ये युनिकोडवर जावं. तिथे परिच्छेदाला ‘वर्ल्ड-रेडी कंपोझर’ हा पर्याय लावला नाही तर वेलांट्या आणि जोडाक्षरं विस्कटतात, एवढं लक्षात ठेवायचं. मजकूर ९ ते १० पॉइंटात आणि ओळीचं अंतर १२ पॉइंटच्या आसपास ठेवा. देवनागरीला वर मात्रा आणि खाली उकार असल्याने इंग्रजी मापाचं अंतर दिलं तर दोन ओळी एकमेकींत घुसतात. भाषांतराच्या यंत्राने आणलेला आजार वेगळाच आहे. हिंदीमार्गे आलेल्या मजकुरात ‘ळ’चा ‘ल’ होतो आणि रबाळ्याचं रबाले, बाळकुमचं बालकुम छापलं जातं. गावाचं नाव चुकलेल्या स्थानिक दैनिकाची बाकीची बातमी कुणी खरी मानत नाही. गावं, नाके, नगरसेवक आणि अधिकाऱ्यांच्या नावांची एक शुद्ध यादी प्रत्येक संगणकावर असलीच पाहिजे.

छापखान्याला पीडीएफ देताना तीन गोष्टी पाहा. मजकूर फक्त काळ्या रंगात असावा. वर्डमधून आलेला काळा कधी-कधी चारही रंगांचा मिळून बनलेला असतो, आणि छापताना रंग केसभर हलले की पूर्ण परिच्छेद धूसर दिसतो. याचा आणखी एक फायदा आहे. छपाई सुरू झाल्यावर चूक सापडली तर रंगीत पानाची चारऐवजी एकच काळी प्लेट बदलून काम भागतं. दुसरं, एकूण शाईचं प्रमाण, म्हणजे एका जागी चारही रंगांच्या टक्क्यांची बेरीज, २४० टक्क्यांच्या आत ठेवा. कोल्डसेट शाई कागदात मुरूनच सुकते, जास्त झाली तर समोरच्या पानाला आणि वाचकाच्या बोटांना लागते. तिसरं, फोटो पडद्यावर दिसतो त्यापेक्षा उजळ करून सोडायचा. न्यूजप्रिंटवर ठिपका पसरतो आणि मधल्या छटा बऱ्याच काळवंडतात. श्रद्धांजलीच्या जाहिरातींत मोबाइलवरून आलेला फोटो तसाच टाकला की चेहरा ओळखू येत नाही, आणि त्या घरचा फोन सकाळी सातलाच येतो.

श्रद्धांजलीचा विषय निघालाच आहे तर सांगून टाकतो: दोन जाहिरातींचे फोटो अदलाबदल होणं हा स्थानिक दैनिकातला सर्वांत वाईट अपघात. मथळ्यातली चूक लोक विसरतात, ही विसरत नाहीत. फोटोच्या फाइलला ‘फोटो१’ असं नाव न देता व्यक्तीचं पूर्ण नाव द्यायचं आणि पान सोडण्याआधी घरच्यांनी पाठवलेल्या मूळ संदेशाशी ताडून बघायचं. त्याखालोखाल नामुष्की म्हणजे पहिल्या पानावर कालचीच तारीख किंवा कालचाच अंक क्रमांक. पान सोडणाऱ्याने सर्वांत शेवटी वार, तारीख, वर्ष, अंक, किंमत आणि पानांची संख्या बोट ठेवून वाचायची. डोळ्यांनी वाचलं तर चालत नाही, डोळा रोजच्या जागेवरची चूक बघतच नाही.

पावसाळ्यात यंत्रावरचे प्रश्न बदलतात. खाडीच्या पट्ट्यातली दमट हवा न्यूजप्रिंट शोषून घेतो, कागदाच्या कडा फुगतात, ताण एकसारखा राहत नाही आणि वेब तुटतो. एकदा वेब तुटला की कागद परत ओवून रंग जुळेपर्यंत पंधरा-वीस मिनिटं आणि दोन-तीनशे अंक गेले. रीळ जमिनीवर न ठेवता पॅलेटवर ठेवावं, वरचं वेष्टन यंत्रावर चढवेपर्यंत फाडू नये, आणि कडेला चीर गेलेलं किंवा ढकलताना चेपलेलं रीळ आधीच बाजूला काढावं. तुटण्याचं कारण बहुतेक वेळा यंत्रात नसून त्या चिरेत असतं. छपाई करणारा वेग वाढवून उशीर भरून काढू बघतो तेव्हा त्याला थांबवा. रेटलेला वेब सर्वांत आधी तुटतो.

अंक छापून झाला तरी अर्धंच काम झालेलं असतं. महाप्याहून ठाण्याकडे येणारी गाडी ठाणे-बेलापूर रस्त्याने दिघा, विटावा, कळवा असा मार्ग धरते. जोराच्या पावसात विटाव्याला रेल्वेपुलाखाली पाणी साचतं, तेव्हा ऐरोली पुलावरून मुलुंडमार्गे वळसा घ्यावा लागतो. कल्याण-डोंबिवलीची गाडी शिळफाट्याने जाते आणि तिथे रात्री अवजड वाहनांची रांग असते, कारण दिवसा त्यांना बंदी. म्हणून कल्याणचे गठ्ठे सर्वांत आधी बांधून काढायचे, अंतर कमी असलेल्या नवी मुंबईचे शेवटी. विक्रेत्यांची वाटणी स्टेशनबाहेर आणि नाक्यानाक्यांवर पहाटे साडेतीन-चारला सुरू होते. सगळी दैनिकं तिथेच मोजली जातात, एकमेकांत घातली जातात, पुरवण्या आणि पत्रकं भरली जातात आणि पाचच्या सुमाराला मुलं लाइनवर, म्हणजे घरोघरच्या वाटपाला, निघतात. लाइन एकदाच फिरते. साडेपाचला आलेल्या गठ्ठ्यासाठी कुणी घोडबंदरच्या तिसाव्या मजल्यावर परत जात नाही. तो गठ्ठा स्टॉलवर पडून राहतो आणि दुसऱ्या दिवशी परतीच्या अंकांत येतो. असं सलग तीन दिवस झालं की विक्रेता स्वतःहून तुमचे अंक कमी करतो, आणि कमी केलेले अंक परत वाढवायला सहा महिने लागतात. साडेअकराची शिस्त यासाठी.

आता पैसा कुठून येतो ते. दुकानांच्या उद्घाटनाच्या आणि वाढदिवसांच्या जाहिराती दिसतात मोठ्या, पण त्यांची वसुली रडतखडत होते. शासकीय जाहिराती माहिती व जनसंपर्क महासंचालनालयाच्या यादीत नाव आल्याशिवाय मिळत नाहीत, वर्गवारीप्रमाणे दर ठरतो आणि बिलं सावकाश निघतात. केंद्राच्या वर्गवारीत २५,००० पर्यंत खपाचं वृत्तपत्र लहान, ७५,००० पर्यंतचं मध्यम. यादीसाठी खप फुगवून सांगण्याचा मोह होतो, पण कागदाची बिलं, छापखान्याची बिलं आणि सांगितलेला खप हे तीन आकडे जुळत नसतील तर तपासणीत फजिती ठरलेली.

रोख आणि भरवशाचं उत्पन्न जाहीर सूचनांचं. बँकेने थकीत कर्जापोटी मालमत्तेचा ताबा घेतला की कर्जवसुलीच्या सरफेसी कायद्याच्या नियमांप्रमाणे सात दिवसांच्या आत दोन प्रमुख वृत्तपत्रांत ताबा नोटीस छापावी लागते, आणि त्यातलं एक स्थानिक भाषेतलं, त्या भागात पुरेसा खप असलेलं हवं. शिवाय वकिलांच्या मालकी हक्काच्या सूचना, हरवलेली शेअर सर्टिफिकेटं, मृत सभासदाच्या वारसांच्या सोसायटीच्या सूचना. ठाण्यात सदनिका, पुनर्विकास आणि वारसांचे वाद जितके, तितक्या सूचना. दोन कॉलम, आठ सेंटिमीटरची सूचना म्हणजे चार सेंटिमीटरचा कॉलम धरून ६४ चौरस सेंटिमीटर. अशा दहा सूचना रोज आल्या तर अर्ध्या पानालाही कमी जागेत कागदाचा खर्च निघू शकतो.

पण ही जाहिरात बातमीपेक्षा दुप्पट काळजीने छापावी लागते. सर्व्हे नंबर, हिस्सा नंबर, सिटीएस (शहर भूमापन) नंबर, सदनिका क्रमांक, क्षेत्रफळ, हरकतीची मुदत आणि वकिलांचा पत्ता यांतला एक आकडा चुकला तर सूचना निरुपयोगी ठरते आणि फुकट परत छापावी लागते. बँकेच्या नोटिशीची सात दिवसांची मुदत त्यात टळली तर गिऱ्हाईकही जातं. मजकूर पुन्हा टाइप करू नका. वकिलाकडून आलेली फाइलच वापरा, युनिकोड नसेल तर रूपांतर करून आकडे मूळ कागदाशी दोघांनी ताडा, एकाने वाचायचं आणि दुसऱ्याने बोट ठेवायचं. प्रूफवर वकिलाची सही किंवा निदान व्हॉट्सअॅपवर ‘मंजूर’ घ्यायचं, आणि तो संदेश पुसायचा नाही.

सूचना छापून आल्यावर वकिलाला मूळ अंक लागतो, पीडीएफवर भागत नाही. म्हणून ज्या दिवशी सूचना जास्त त्या दिवशी प्रत्येक सूचनेमागे चार-पाच अंक बाजूला ठेवायचे, शिवाय कार्यालयाच्या फाइलचे तीन. न्यूजप्रिंटमध्ये लिग्निन हा लाकडातला घटक असल्याने उजेडात राहिलेला अंक काही आठवड्यांतच पिवळा पडतो. महिन्याची फाइल बांधून बंद कपाटात, भिंतीपासून चार बोटं दूर ठेवा. तीन-चार वर्षांनी कुणीतरी वकील एका जुन्या सूचनेचा अंक शोधत येतोच, आणि नेमका तोच अंक कुणीतरी कात्रण कापून नेलेला असतो, म्हणून फाइलच्या अंकाला कात्री लावायची नाही.